हळदीच्या पेवांवरचा बंदोबस्त

सांगलीच्या ठाण्यात मी फौजदार होतो तेव्हाचा तो दिवस माझ्या डोळ्यांपुढून अजून हलत नाही. सत्तरचं दशक, श्रावणातली कुंद दुपार. ठाणे अंमलदाराने फोन माझ्या हातात दिला. पलीकडे हळद व्यापारी मंडळाचे अध्यक्ष होते. "साहेब, बंदोबस्त पाठवा. सगळी पेवं उघडतोय."

मी उडालोच. पेव म्हणजे नदीकाठच्या चिवट मातीत खणलेली खोल कोठी. हळद भरून तोंड मातीने लिंपलं की माल वर्षानुवर्षं टिकतो, पण आत ओल शिरली की गेलाच. उघडीप बघून एखादं पेव ताडपत्रीखाली उघडता येतं. सगळी उघडायची म्हणजे वेडेपणा होता.

पोचलो तर शेतकरी कुदळी घेऊन उभे. सकाळी इस्लामपूरकडच्या एका निवृत्त हवालदाराने गिऱ्हाईक मिळालं म्हणून आपलं पेव उघडलं, ते निम्मं रिकामं निघालं. आता ज्याला त्याला आपली हळद डोळ्यांनी बघायची होती. मंडळाच्या कचेरीत एक संचालक म्हणे उघडा, दुसरा म्हणे थांबा. अध्यक्षांना सगळे अण्णा म्हणत. ते घाम पुसत माझ्याकडे बघत होते, आणि आभाळ भरून आलं होतं.

मला वेगळंच कुतूहल लागलं. निम्मं पेव म्हणजे गाडीभर पोती. ती कोणाला न दिसता गेली कशी? मी हवालदाराला बाजूला घेतलं.

"पेव उघडल्यावर आत कंदील सोडला होता?"

"व्हय की. त्याबिगर कोन उतरतंय?"

"विझला?"

"न्हाई. लय चांगला जळत हुता. लगीच उतरलो."

बराच काळ बंद असलेल्या पेवात वाईट हवा साठते. तिने कंदील विझतो आणि माणूस उतरला तर मरतो. इथे कंदील जळत राहिला, म्हणजे हे पेव नुकतंच कोणीतरी उघडलं होतं. मग इतक्यात रीतसर कोणतं पेव उघडलं होतं? अण्णांनी लगेच सांगितलं. एकच, हवालदाराच्या शेजारचं. एका अडत दुकानाच्या दिवाणजींनी, दिवसाढवळ्या.

"दिवस मावळेपर्यंत एकाही पेवाला कुदळ लागू देऊ नका," मी अण्णांना म्हणालो. "फौजदाराने अडवलंय म्हणून सांगा."

लोक खवळले. एक शेतकरी माझ्या अंगावरच आला. "आवं, तुमचं काय जातंय? हळद आमची हाय!" त्याचं चूक नव्हतं. माझा अंदाज फसला असता तर मला तोंड दाखवायला जागा उरली नसती.

दिवाणजींना ठाण्यात बोलावून चहा दिला. चोरीचा विषय काढलाच नाही. मला पेवांचं भारी अप्रूप, म्हणून माती कुठली आणता, तोंड कसं लिंपता, असं विचारत राहिलो. गृहस्थ खुलले.

"कंदील विझतो म्हणतात, ते खरं का हो?"

"विझतो म्हंजे! परवा दोन्ही पेवांत विझला. केवढा खोळंबा झाला आमचा."

"दोन्ही? तुमचं तर एकच होतं."

दिवाणजींनी कप खाली ठेवला. पुढचा जबाब मला फारसं न विचारताच मिळाला. आपलं पेव उपसताना त्यांनी त्याच ताडपत्रीआड शेजारचंही उघडलं होतं. माल त्यांच्या गोदामात सापडला, पंचनामा करून जप्त केला. बाकीच्या पेवांना कोणी हात लावला नव्हता.

हे सांगायला मी परतलो आणि पाऊस कोसळला. सगळे कचेरीच्या पडवीत दाटीवाटीने उभे राहिले. पुढच्या नोकरीत कितीतरी संस्थांची घाबरलेली मंडळी माझ्याकडे आली. प्रत्येकाला मी आधी एकच विचारत असे: काय केलं की परत फिरता येणार नाही? तेवढं थांबवा, मग तपासाचं बघू. हे मी पोलीस शाळेत शिकलो नाही. त्या पडवीत, मघाशी अंगावर आलेला तो शेतकरी कुदळ भिंतीला टेकवून हळूच म्हणाला होता, "सायेब, दिवाणजीनं एकाची नेली. आमी समद्यांची बुडवनार हुतो."