हरलेल्यांची वरात

लसणाची फोडणी तडतडली की मला शॉमबर्गमधले आमचे घानाचे शेजारी आठवतात. ते हसले की शिकागोपर्यंतची कबुतरं उडायची! त्यांच्या देशातल्या निवडणुकीत त्यांचा पक्ष हरला, तेव्हा बायको म्हणाली, "अहो, आज त्यांच्याकडे चूल पेटली नसेल. पिठलं-भात देऊन या." मी सुतकी चेहरा करून, गळ्याएवढ्या बर्फातून पातेलं घेऊन पोचलो, तर आत अख्खं घर नाचत होतं! "अहो, तुम्ही हरलात ना?" मी ओरडलो. "सपशेल!" ते म्हणाले, "पण आमच्या उमेदवाराने पूर्ण निकालाआधीच जिंकणाऱ्याला फोन करून अभिनंदन केलं! माझ्या लहानपणी सरकार बदललं की रेडिओवर लष्करी बँड वाजायचा आणि वडील आम्हाला पलंगाखाली लपवायचे. म्हातारी आई तिथे एकटी आहे, काळजीने जीव अर्धा झाला होता. आत्ताच फोन आला, ती मासे आणायला बाजारात निघालीय!" बोलता बोलता त्या पहाडासारख्या माणसाचे डोळे भरून आले. मग काय, पातेलं टेबलावर ठेवून मीही असा नाचलो की इलिनॉय हादरलं! आजही कुणी लोकशाहीवर भाषण झोडायला लागलं, की मी छाती काढून सांगतो, "यार, मी हरलेल्यांच्या वरातीत नाचलोय!"