बाबांचं 'येतो' आणि आईचं 'या'

दुपारच्या पोस्टमध्ये माझी चूक झाली. अंधेरीच्या आर्ट गॅलरीत माझा व्हिडिओ पाहताना आई रडली, असं मी लिहिलं. ती रडली नव्हती. लांबून मला फक्त तिचे ओठ थरथरताना दिसले होते.

माहीत नसेल त्यांच्यासाठी: बाबा आता नाहीत. मी एकदा त्यांना नाहूरच्या घरातून कामावर निघताना शूट केलं होतं. ते चपला घालतात, दारात वळून "येतो गं" म्हणतात आणि जातात. आमचं जुनं दार गॅलरीत उभं करून त्यावर हेच दृश्य मी दिवसभर पुन्हा पुन्हा दाखवते.

जवळ गेले तेव्हा कळलं. प्रत्येक "येतो"वर आई हळूच "या" म्हणत होती. निघणाऱ्याला तिने कधी उत्तराशिवाय जाऊ दिलेलं नाही, म्हणून तिला उठताच येईना.

"आई, चल ना, जेवायचंय."

"थांब गं. त्या दिवशी संध्याकाळी ते कलिंगड घेऊन आले होते. तू तेही शूट केलं होतंस ना? कुठंय ते?"

"तो भाग कापला मी."

"मग काय, माणूस नुसता जातच राहणार?"

शेवट नाही हीच या कामाची ताकद, असं सगळे म्हणतात. मलाही तसंच वाटायचं. पण बाबा त्या दिवशी घरी परतले होते. तुम्ही काय केलं असतं?

सोमवारी गॅलरी बंद असते. त्या दिवशी जाऊन, कलिंगडाचा भाग परत जोडून, मी बाबांना घरी आणणार आहे.