घासलेली खापरं

सिंकशेजारच्या जाळीवर माझी खापरं निथळत होती. लख्ख. त्यांना लिंबाचा वास येत होता.

मी ओसाकातल्या एका म्युझियममध्ये कॉन्झर्वेटर आहे, म्हणजे जुन्या वस्तूंची डॉक्टर. नवऱ्याच्या पोस्टिंगमुळे इथे आले आणि नोकरीला लागले. जपानमध्ये वर्ष संपताना ऑफिसची साफसफाई सगळे मिळून करतात, साहेबसुद्धा. आमच्या साहेबांना, मोरी-सानना, माझ्या टेबलावरची काळीकुट्ट खापरं बघवली नव्हती.

"तुम्ही जिना पुसत होतात, म्हणून मीच घासून टाकली," ते म्हणाले. चेहऱ्यावर केवढं समाधान!

मी एक खापर उचलून पाहिलं; आतला काळा थर पार गेला होता.

ती खापरं स्वयंपाकाच्या एका मडक्याची होती. जॉर्डन नदीच्या पश्चिमेकडच्या डोंगरातलं एक खेडं, तीन हजारांहून जास्त वर्षांपूर्वीचं. इजिप्तमधल्या एका शिलालेखात साधारण त्याच काळात 'इस्राएल' नावाच्या लोकांचा, म्हणजे ज्यूंच्या पूर्वजांचा, उल्लेख येतो. पण ते याच खेड्यांत राहत होते कशावरून? दारावर पाट्या थोड्याच असतात. मग घरांची रचना बघायची, रांजण बघायचे, हाडं बघायची. पुढे ज्यूंना डुक्कर निषिद्ध झालं, आणि या खेड्यांत डुकराची हाडं फारशी सापडत नाहीत, किनाऱ्यावरच्या काही शहरांत मात्र भरपूर. तेवढ्यावरून काही ठरत नाही, वाद चालूच आहेत. म्हणून मडक्यातली खरवड हवी होती. त्या करपलेल्या थरात चरबीचा अंश टिकू शकतो, आणि कुठल्या प्राण्याचं मांस शिजलं याचा अंदाज त्यावरून येतो. आमच्यासोबत काम करणाऱ्या विद्यापीठातल्या प्रोफेसरबाईंनी ही खापरं तपासणीसाठी मिळवायला जिवाचं रान केलं होतं; खरवडीचा नमुना काढून मी त्यांना पाठवणार होते.

"कशाने घासली?" मी कसंबसं विचारलं.

त्यांनी पिवळा स्पंज वर धरला. जेवणानंतर त्याच स्पंजने आम्ही सगळ्यांचे डबे धुतले होते. डब्यात तोन्कात्सु होतं. डुकराच्या मांसाचं तळलेलं कटलेट.

मोरी-साननी स्पंजकडे पाहिलं, मग खापरांकडे. त्यांनी स्पंज हळूच खाली ठेवला.

"आत काही उरलं असेल का?"

"मातीत मुरलेलं असेल थोडं. पण ते त्यांचं की आपलं, मी छातीठोकपणे नाही सांगू शकत."

मला रडूच यायला लागलं. कुणी आळसाने घोळ घातला असता तर भांडले तरी असते. इथे बिचाऱ्याने बाह्या सरसावून कष्ट केले होते.

मोरी-साननी स्वतः प्रोफेसरबाईंना फोन लावला आणि फोनसमोरच कमरेत वाकून सगळं सांगितलं. बाई एवढंच म्हणाल्या, "नमुना पाठवू नका."

आता डिसेंबर लागला की मी न धुतलेल्या वस्तू कपाटात कुलूपबंद करते. त्या मडक्यात तेव्हा डुक्कर शिजलं होतं का, ते मडकं आता सांगणार नाही. आमच्या सिंकमध्ये मात्र त्याला ते नक्की लागलं.