दीडशे घरांचा एकच पासवर्ड

कॅमेरे बसवणाऱ्या या माणसाला सगळे ‘डोळेवाले काका’ म्हणत. वीस वर्षांत त्यानं दीडशे घरांत कॅमेरे बसवले, पण पासवर्ड मात्र सगळीकडे एकच ठेवला. गिऱ्हाइकं पासवर्ड विसरणार, फोन करणार. शिडी घेऊन धावण्यापेक्षा बसल्या जागी सांगून टाकला, की सुंठीवाचून खोकला गेला. आळसाला हुशारी म्हणायची माणसाची ही जुनीच खोड.

त्या दुपारी तो एका दुकानाच्या पोटमाळ्यावर केबल ओढत होता. तेवढ्यात एका मास्तरीणबाईंचा फोन आला.

“काका, बाळाच्या खोलीतला कॅमेरा तुम्ही फिरवताय का?”

“नाही हो. मी कशाला फिरवू?”

“मग तो माझ्यामागे कसा फिरतोय? आत्ता त्यातून कुणीतरी हसलं!”

बाईंना वायर काढायला सांगून त्यानं लॅपटॉपवर त्या कॅमेऱ्याच्या नोंदी उघडल्या. भलत्याच ठिकाणाहून कुणीतरी आत शिरलं होतं, तेही पहिल्याच फटक्यात बरोबर पासवर्ड टाकून. म्हणजे चोराच्या हाती एका घराची नाही, दीडशे घरांची किल्ली होती. त्यातलं एक घर त्याच्या लेकीचं. ती नको नको म्हणत असताना पाळण्यावरचा कॅमेरा यानंच हौसेनं बसवला होता.

त्यानं तिला फोन लावला. नुसता वाजत राहिला. परत लावला. शेवटी लॅपटॉपवरच तिच्या घरचा कॅमेरा उघडला. लेक बाळाला मांडीवर घेऊन बसली होती. बघता बघता चित्र सरकायला लागलं, पाळणा चित्राच्या कडेला गेला आणि लेक मधोमध आली. यानं तर बोटही लावलं नव्हतं. इतका तो जन्मात घाबरला नव्हता.

लॅपटॉपवर कॅमेरा तसाच चालू ठेवून त्यानं तिसऱ्यांदा फोन लावला. तिनं उचलला. कॅमेऱ्याकडे बघून ती हसली आणि बाळाचा हात धरून हलवला.

“किती फोन करता, बाबा! दिसतोय ना नातू? रोज दुपारी तुम्ही कॅमेरा वळवलात, की मी त्याला तुम्हाला टाटा करायला लावते. आता तर आपणहून करतो.”

रोज.

“बाबा?”

“पोरी, आधी त्या कॅमेऱ्याची वायर उपट,” तो म्हणाला. “मी नव्हतो गं तो. एकदाही नव्हतो.”