ठकीचं घडीचं स्टूल

माझ्या भाचीला, ठकीला, लहानपणी "तुला कोणता मामा जास्त आवडतो?" असं विचारलं की ती उठून दोन्ही मामांच्या मधोमध, पंख्याखाली जाऊन बसायची. मी म्हणायचे, ही पोरगी एक तर जज होईल, नाहीतर हिला लग्नाला कुणी बोलावणार नाही. झाली वकील. आणि कोर्टाने तिला पहिल्यांदाच रिसिव्हर नेमलं, ते एका बर्फाच्या कारखान्यावर.

रिसिव्हर म्हणजे काय, तेही तिनेच मला समजावलं. भावाभावांत वाटणीचा दावा चालू असला की कोर्ट मिळकत तिऱ्हाइताच्या ताब्यात देतं. निकाल लागेपर्यंत त्याने ती जपायची, चालती ठेवायची. मी म्हटलं, "म्हणजे भांडणाऱ्या नवराबायकोचं पोर सांभाळणारी आत्या." तर म्हणते, "मावशी, कोर्टात असं बोलू नकोस."

घर कुलूप लावून जपता येतं. बर्फाला कुलूप काय लावणार? कारखाना बंद पडला की गिऱ्हाईक पांगणार आणि वाटायला उरणार गंजकी शेड. कारखाना दोन भावांचा. थोरल्याला तो चालवायचा होता, धाकट्याला विकायचा. दोघं एकमेकांशी बोलत नव्हते. खोकायचं झालं तरी वकिलामार्फत. रिसिव्हर हजर नसताना एकाही भावाने आत पाऊल टाकायचं नाही, असा कोर्टाचा हुकूम. आणि ठकी जरा कुठे एकीकडे झुकलेली दिसली असती, तर पहिलंच काम हातातून गेलं असतं. मग दुसरं कोण देतंय?

म्हणून बाईसाहेब जाताना स्वतःचं घडीचं स्टूल न्यायच्या. पाण्याची बाटलीही घरची. बर्फाच्या कारखान्यात बसून कोमट पाणी पिणारी जगात हीच एकटी. थोरल्याने खुर्ची दिली, नको. धाकटा गाडीने सोडतो म्हणाला, नको, बस आहे. मी चिडवायचे, "अगं, उद्या हवासुद्धा घरून नेशील."

भर उन्हाळ्यात एका दुपारी कॉम्प्रेसरचा पट्टा तुटला. बर्फाच्या लाद्यांना डब्यातच घाम फुटला. मशीनचा जाणकार थोरला. तो फाटकाबाहेर उभा, जीव खालीवर. ठकी पोचली, स्टूल मांडलं आणि धाकट्याला फोन लावला. तो म्हणाला, दादाने मशीनला हात लावला तर मी हरकत घेईन.

"घ्या की," ठकी म्हणाली. "पण इथे येऊन घ्या. तुमच्याही वाट्याचा बर्फ वितळतोय."

आला बापडा, हाताची घडी घालून उभा राहिला. थोरला नवा पट्टा चढवायला लागला, पण एकट्याला जमेना. चाक दुसऱ्या कुणाला तरी हळूहळू फिरवावं लागतं. एक कामगार पुढे झाला, त्याने जोर लावला, पट्टा सटकला. पुन्हा तेच. ठकी मला नंतर सांगत होती, हात असे शिवशिवत होते मावशी, की मी हातांवरच बसले.

शेवटी धाकट्याने मनगटावरचं घड्याळ काढून खिशात टाकलं आणि कामगाराला बाजूला सारलं. वडिलांच्या हाताखाली दोघं लहानपणापासून हेच तर करत आले होते.

"धर," थोरला म्हणाला. "आता सोड."

एवढंच. पण मध्ये वकील नव्हता. पट्टा बसला.

लगेच गळ्यात गळे पडले असं समजू नका. पुढेही भांडले, पण समोरासमोर बसून, कुणी काय घ्यायचं यावर. थोरल्याने कारखाना घेतला, धाकट्याने वडिलांचं घर आणि गोदाम. रिसिव्हरबद्दल काही तक्रार आहे का, असं जजसाहेबांनी विचारलं तेव्हा धाकटा म्हणाला, "एकच आहे साहेब. बाई आमच्याकडे पाणीसुद्धा प्यायल्या नाहीत."

किल्ल्या द्यायच्या दिवशी मी मुद्दाम ठकीबरोबर गेले. थोरल्याने खुर्ची पुढे केली, धाकट्याने बर्फ घातलेलं पाणी आणलं. ठकी ऐसपैस टेकून बसली, पेला रिकामा केला आणि दुसरा मागितला. मी तिच्या स्टुलावर बसले, सगळ्यांना दिसेन अशी. कुणी विचारलं असतं तर सांगणार होते, हे आमच्या ठकीचं आहे म्हणून.

कुणी विचारलं नाही. तरी मी सांगितलंच.