थरथरती बोटं

जुन्या नाचाचं स्विंग संगीत वाजवणारा आम्हा सात मैत्रिणींचा बँड होता. पहिल्याच जाहीर कार्यक्रमात ट्रम्पेटवर माझा एकटीचा तुकडा होता. पडदा वर गेला आणि माझे ओठ कोरडे पडले. शेजारी सॅक्सोफोन घेऊन बसलेल्या वासंतीला मी हळूच म्हटलं, "मला नाही जमणार गं."

"मलाही भीती वाटतेय. बोटं बघ माझी," ती म्हणाली. तिची बोटं खरंच थरथरत होती. ती बघून मी आणखीच घाबरले.

माझी पाळी आली. मी उभी राहून फुंकलं, तर नुसती हवा गेली. मागे ड्रम चालूच होते. लोक माझ्याकडे बघत होते. तेवढ्यात वासंती उठली आणि तिने माझाच तुकडा सॅक्सोफोनवर धरला. जरा वेळाने माझा सूर लागला, तशी ती गुपचूप खाली बसली.

धीर देणारी माणसं घाबरत नाहीत, असं मला तोवर वाटायचं.

नंतर मी तिला विचारलं, "तुझी भीती कुठे गेली होती?"

"कुठे जाणार? होतीच की," ती म्हणाली. "पण तू एकटीच उभी होतीस ना."