खोडलेली ओळ

शिलाई मशीन दुरुस्त करणाऱ्या त्या गृहस्थांना सगळे मशीनकाका म्हणत. मशीन कसलंही असो, नुसता कान लावून त्याचं दुखणं ओळखायचे. पण स्वतःच्या डोक्यात एखादी गोष्ट बसली, की ब्रह्मदेव आला तरी हलायची नाही. बावीस वर्षं ते एका जिन्याखाली वाकून बसले. मग समोरचीच खोली विकायला निघाली. मोठी खिडकी आणि सरळ उभं राहता येईल एवढं छत. काकू इस्पितळाच्या धोबीखान्यात चादरी धुवून नुकत्याच निवृत्त झाल्या होत्या. त्यांची सगळी पुंजी काकांनी इसार म्हणून खोलीच्या मालकाला दिली.

भाव वाढले तशी मालकाने टोलवाटोलवी सुरू केली आणि शेवटी सरळ हात वर केले. काका कोर्टात गेले. वकीलबाईंनी दावा लिहिला आणि शेवटी एक ओळ घातली: खोली मिळत नसेल तर इसार परत मिळावा.

"ही ओळ काढा," काका म्हणाले.

"अहो काका, असू द्या. अडीअडचणीला कामाला येते."

"पैसे घेऊन गप्प बसेन असं त्याला दिसलं, की तो पैसेच तोंडावर फेकेल. मला खोली पाहिजे!"

वकीलबाईंनी परोपरीनं सांगून पाहिलं. काकांनी ओळ खोडली आणि शेजारी ठसठशीत सही ठोकली. घरी मात्र काकूंना अवाक्षर सांगितलं नाही. या माणसाचा राग येतो तो इथेच.

खालच्या कोर्टात काका जिंकले. मालकाने अपील केलं. वकीलबाई पुन्हा म्हणाल्या, "अजून वेळ गेलेली नाही. अर्ज देऊन ती ओळ घालून घेऊ."

"जिंकलेला माणूस पैसे परत मागतो का?" काकांनी त्यांनाच वेड्यात काढलं.

अपील सहा वर्षं चाललं. तोवर काकूंचे गुडघे कामातून गेले. डॉक्टरांनी ऑपरेशन सांगितलं, तर त्या म्हणायच्या, "निकाल लागू दे. खोली नाही तर पैसे तरी येतीलच ना?" काका हो हो म्हणायचे.

निकालाच्या दिवशी काकूही काठी टेकत आल्या. खोलीत मालकाच्या भावाचा अर्धा हिस्सा होता आणि करारावर त्याची सही नव्हती. त्यामुळे विक्री करायला लावता येणार नाही, असं म्हणून न्यायाधीशांनी खालचा निकाल रद्द केला.

"साहेब, निदान इसार?" वकीलबाईंनी विचारलं.

न्यायाधीशांनी दाव्याचं शेवटचं पान काढलं. "मागणी इथे खोडलेली आहे. न मागितलेलं मी देऊ कसं?"

आणखी वर जाण्याइतकं काकांच्या गाठीला काही उरलं नव्हतं. बाहेरच्या बाकावर काकूंनी हळूच विचारलं, "वकीलबाईंकडून चुकलं का हो?"

"नाही. मीच खोडली. पहिल्याच दिवशी."

काकू त्यांच्याकडे वळल्या. "मग सहा वर्षं मला हो हो कशाला म्हणत होतात?"

काकू उठायला गेल्या, पण गुडघा साथ देईना. काकांनी हात पुढे केला. तो न धरता त्या पुन्हा बाकावर बसल्या.